नोरा आउनोर कोण होती आणि तिच्यासाठी एक देश का भांडला?

फिलिपिन्सच्या राजधानीला, मनिलाला खेटून असलेल्या तागिग शहरात वीरांसाठी राखलेली एक सरकारी दफनभूमी आहे. सैनिक, सेनापती, माजी राष्ट्राध्यक्ष असे लोक तिथे विसावलेले आहेत. 22 एप्रिल 2025 रोजी तिथे एका सिनेमातल्या अभिनेत्रीला शासकीय इतमामात निरोप देण्यात आला. तिचं नाव नोरा आउनोर. आदल्या बुधवारी, म्हणजे 16 तारखेला, वयाच्या 71 व्या वर्षी ती गेली होती. तो ईस्टरच्या आधीचा आठवडा. फिलिपिन्ससारख्या कट्टर कॅथलिक देशात या आठवड्यात एरवी सगळं चर्चभोवती फिरत असतं, पण त्या वर्षी लोक नोराबद्दलही बोलत होते.

फिलिपिन्सचा सिनेमा आपल्याकडे फारसा कुणी बघत नाही. इराणी सिनेमा फिल्म सोसायट्यांमुळे कळला, कोरियन मालिका तर आता घराघरांत आहेत. फिलिपिन्स मात्र राहून गेला, आणि त्यामुळे नोराही राहून गेली. याची मला मनापासून हळहळ वाटते, कारण एका व्यक्तीच्या कारकिर्दीत एवढा देश सामावलेला मी दुसरीकडे क्वचितच पाहिला आहे. तिच्या भूमिका ओळीने मांडल्या तर गेल्या पन्नास वर्षांत त्या देशातल्या गरीब बायका कुठून निघाल्या, कुठे पोचल्या आणि वाटेत त्यांचं काय झालं, हे कळत जातं.

पण ही गोष्ट सुरू होते कातडीच्या रंगापासून.

फिलिपिन्सवर तीनशेहून जास्त वर्षं स्पेनचं राज्य होतं, त्यानंतर अमेरिका आली आणि 1946 साली देश स्वतंत्र झाला. एवढ्या काळात 'सुंदर' कुणाला म्हणायचं याचं माप पक्कं होऊन बसलं होतं: गोरी कातडी, उंच बांधा, सरळ धारदार नाक. ज्यांच्या अंगात थोडंफार युरोपीय रक्त आहे अशा मेस्तिसो घराण्यांतल्या मुली पडद्यावर नायिका व्हायच्या. सावळ्या, बसक्या नाकाच्या मुलींना मोलकरणीचं नाहीतर नायिकेच्या विनोदी मैत्रिणीचं काम मिळे. लग्नाच्या जाहिरातीत आजही 'गोरी' हा शब्द वाचणाऱ्या आपल्या समाजाला हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही. सिनेमाचा कारभार काही मोठ्या स्टुडिओंच्या हातात होता. कुणाला घ्यायचं, कुणाला तारा बनवायचं, हे तिथे ठरे.

नोराचा जन्म 21 मे 1953 चा, इरीगा या गावातला. बिकोल विभागातलं हे गाव मनिलापासून बरंच दूर, रेल्वेच्या मार्गावर. खरं नाव नोरा काबाल्तेरा वियामायोर. घरची गरिबी इतकी, की लहानपणी ती इरीगा स्टेशनवर थांबणाऱ्या गाड्यांतल्या उतारूंना पिण्याचं पाणी विकायची. आवाज चांगला होता. नात्यातल्या आउनोर कुटुंबाने आधार दिला, त्यांचंच आडनाव तिने पुढे लावलं. गाण्यांच्या स्पर्धा जिंकत जिंकत ती मनिलाला पोचली. 1967 साली 'तावाग नांग तांघालान' ही त्या काळातली सगळ्यांत गाजलेली हौशी गायकांची स्पर्धा तिने जिंकली. तेव्हा ती 14 वर्षांची होती. आवाज खालच्या पट्टीतला, खोल आणि भरदार. एवढ्याशा मुलीच्या गळ्यातून तो कसा येतो याचंच लोकांना नवल वाटायचं.

सांपागिता नावाच्या मोठ्या स्टुडिओने तिला करारावर घेतलं, पण तिथे सुरुवातीला छोटी-मोठी कामंच तिच्या वाट्याला आली. उंची पाच फुटांच्या आत, रंग सावळा. स्टुडिओच्या हिशेबात ती गाणारी मुलगी होती, नायिका नव्हे. हा हिशेब मोडला प्रेक्षकांनी.

हे प्रेक्षक कोण होते? प्रांतांतून मनिलात आलेल्या घरकामाच्या बायका, कारखान्यांतल्या मुली, मंडईत भाजी आणि मासळी विकणाऱ्या. लाकडी खडावा घालणाऱ्या या वर्गाला त्या काळचे समीक्षक हेटाळणीने 'बाक्या' म्हणत, बाक्या म्हणजे त्या खडावाच. या बायका पडद्यावर आजवर मालकिणींना बघत आल्या होत्या. नोराच्या रूपाने पहिल्यांदाच त्यांना आपल्यासारखी दिसणारी मुलगी मधोमध उभी दिसली. मग तिकिटांच्या रांगा लागल्या. रेडिओवर, दूरचित्रवाणीवर, रेकॉर्डवर, पडद्यावर, सगळीकडे नोरा. एकेका वर्षात तिचे दहा-दहा सिनेमे यायला लागले. तिच्या चाहत्यांना नोरानियन म्हणू लागले. ते तिला 'आते' म्हणायचे, म्हणजे ताई.

फिलिपिन्सच्या सिनेमात 'लव्ह टीम' नावाचा प्रकार आहे. एक मुलगा, एक मुलगी. पडद्यावर जोडी, आणि पडद्याबाहेरही ती खरी आहे असं प्रेक्षकांनी मनाशी धरलेलं. नोराची जोडी जमली तिर्सो क्रूझ याच्याशी. 1971 चा 'गाइ अँड पिप' हा या जोडीचा सगळ्यांत गाजलेला सिनेमा. या वेडाचा एक तपशील मला विसरता येत नाही. तिर्सोने नोराला एक बाहुली भेट दिली होती, तिचं नाव मारिया लिओनोरा तेरेसा. चाहत्यांनी त्या बाहुलीला या दोघांचं मूलच मानलं. तिच्यासाठी कपडे आले, तिचे फोटो छापले गेले, तिला बघायला गर्दी झाली. वाचून हसू येईल, पण ज्या बायकांना स्वतःचं मूल गावी ठेवून शहरात दुसऱ्याची मुलं सांभाळायला लागायची, त्याच बायका या गर्दीत होत्या. हे लक्षात घेतलं की हसू मावळतं.

इथवर ही एका लोकप्रिय गायिका-नायिकेची गोष्ट आहे आणि अशा गोष्टी प्रत्येक देशात असतात. नोरा वेगळी ठरते ती यापुढे. विशीच्या सुरुवातीलाच तिने स्वतःची निर्मितीसंस्था काढली. नाव एनव्ही प्रॉडक्शन्स, स्वतःच्या मूळ नावाची आद्याक्षरं. गाण्याच्या सिनेमांनी मिळवून दिलेला पैसा तिने कुणी हात लावायला धजणार नाही अशा सिनेमांत घातला.

तो काळही समजून घेतला पाहिजे. सप्टेंबर 1972 मध्ये राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस याने लष्करी कायदा पुकारला. वर्तमानपत्रं बंद पडली, विरोधक तुरुंगात गेले, सिनेमाची पटकथासुद्धा सेन्सॉरकडून पास करून घ्यावी लागे. याच गुदमरलेल्या काळात लिनो ब्रोका, इश्माएल बेर्नाल, मारिओ ओ'हारा असे दिग्दर्शक पुढे आले आणि फिलिपिनो सिनेमाचं दुसरं सुवर्णयुग म्हणून ओळखला जाणारा काळ घडला. झोपडपट्टी, सत्ता, धर्म, बाईचं शरीर हे त्यांचे विषय. असे विषय घेऊन गेलं की वितरक तोंड फिरवायचे. पण पोस्टरवर नोराचं नाव असलं की थिएटर मिळायचं. तिच्याकडे प्रेक्षक होते आणि या दिग्दर्शकांकडे गोष्टी होत्या. फिलिपिन्सचा गंभीर सिनेमा सामान्य थिएटरांपर्यंत पोचला, त्याचं मोठं कारण हा सौदा आहे असं मला वाटतं. आपल्या गंभीर सिनेमाच्या वाट्याला असा प्रेक्षक फार कमी वेळा आला.

1976 या एका वर्षात तिने दोन मोठे सिनेमे केले. ओ'हाराचा 'तातलोंग ताओंग वालांग दियोस', म्हणजे देव नसलेली तीन वर्षं. दुसऱ्या महायुद्धातल्या जपानी अंमलाची ही गोष्ट. नोरा यात गावातली शिक्षिका. जपानी सैन्यातला एक अधिकारी तिच्यावर बलात्कार करतो आणि पुढे त्याच माणसाशी तिचं आयुष्य बांधलं जातं. गाव तिला देशद्रोही ठरवतं. त्या वेळी समीक्षकांनी नुकताच सुरू केलेला 'गावाद उरियान' हा पुरस्कार पहिल्याच वर्षी तिला या भूमिकेसाठी मिळाला. ज्या प्रेक्षकांना समीक्षक नाकं मुरडत होते, त्यांच्याच लाडक्या मुलीला समीक्षकांनी सर्वोत्तम अभिनेत्री म्हटलं.

दुसरा 'मिन्साय इसांग गामु-गामो'. यात ती एक नर्स आहे. अमेरिकेला जायचं तिचं स्वप्न आहे, कागदपत्रं तयार आहेत. जायच्या तोंडावर अमेरिकी लष्करी तळाच्या कुंपणाजवळ तिच्या भावाला पहारेकरी गोळी घालतो. तळाकडून सांगण्यात येतं, रानडुक्कर वाटलं म्हणून गोळी झाडली. माझा भाऊ डुक्कर नाही, माणूस आहे, असं ती ओरडते तो प्रसंग आजही फिलिपिन्समध्ये लोकांना तोंडपाठ आहे. या सिनेमाची दिग्दर्शिका होती लुपिता आकिनो, मार्कोसने तुरुंगात डांबलेले विरोधी नेते निनोय आकिनो यांची बहीण. हे आकिनो आडनाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

1980 चा 'बोना' तिनेच निर्माण केला, दिग्दर्शक लिनो ब्रोका. सुरुवात होते मनिलातल्या कियापो चर्चच्या काळ्या येशूच्या जत्रेत. हजारो माणसं एकमेकांवर चढत, घामाने निथळत, मूर्तीला हात लावायला धडपडत आहेत. त्या गर्दीत बोना ही तरुण मुलगी उभी आहे. पण तिची भक्ती आहे गार्दो नावाच्या एका सामान्य, दुय्यम कामं करणाऱ्या नटावर. शाळा, घरदार सोडून ती त्याच्या झोपडपट्टीतल्या खोलीत राहायला जाते. तो तिला बायको मानत नाही, प्रेयसीही नाही. ती त्याच्यासाठी नळावरून पाणी भरते, चुलीवर तापवते, त्याला आंघोळ घालते. त्याच्या अंगावर पाणी ओततानाचा तिचा चेहरा पाहावा. तिथे कष्टाचा लवलेश नाही, उलट एक निवांत समाधान आहे. तो दुसऱ्या बायका घरी आणतो, तरी ती पाणी तापवतच राहते. वडील जातात, भाऊ तिला घराबाहेर काढतो. शेवटी गार्दो सांगतो, मी ही जागा सोडून दुसरीबरोबर निघालो. बोना चूपचाप आंघोळीचं पाणी तापवायला ठेवते. पाणी उकळतं, आणि ते ती त्याच्या अंगावर ओतते.

देशात जिच्यावर सगळ्यांत जास्त लोक वेडे होते, तिने स्वतःचे पैसे घालून चाहतीच्या आंधळ्या भक्तीवर सिनेमा काढला आणि चाहती स्वतः झाली. आपल्या नोरानियन बायकांकडे ती किती जवळून बघत होती, याचा यापेक्षा मोठा पुरावा नको. तिने त्यांची टिंगल केली नाही. ती भक्ती किती खरी असते आणि ती बाईला कुठवर खाते, हे दोन्ही तिने दाखवलं. 1981 साली हा सिनेमा फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या 'डायरेक्टर्स फोर्टनाइट' विभागात दाखवला गेला. नंतर त्याची धड प्रत बघायला मिळणंच मुश्कील झालं. मूळ फिल्मवरून तो नव्याने साफ करून 2024 मध्ये पुन्हा कानमध्येच दाखवला गेला.

यानंतर आला 'हिमाला', 1982. हिमाला म्हणजे चमत्कार. दिग्दर्शक बेर्नाल, पटकथा रिकी ली यांची. त्यांनी ती 1960 च्या दशकात काब्रा बेटावरच्या एका मुलीला मेरीमातेचं दर्शन झाल्याच्या बोलबाल्यावरून बेतली. गंमत म्हणजे या सिनेमाला पैसा सरकारी चित्रसंस्थेने दिला होता आणि त्या संस्थेची प्रमुख होती मार्कोसचीच मुलगी इमी. खर्च सुमारे 30 लाख पेसो. चित्रीकरण देशाच्या उत्तरेला, इलोकोस नोर्ते प्रांतातल्या पाओयच्या वाळूच्या टेकड्यांवर झालं.

कुपांग नावाचं दुष्काळाने करपलेलं गाव. सूर्यग्रहणाच्या अंधारात एल्सा या मुलीला टेकडीवरच्या वठलेल्या झाडापाशी कुणीतरी हाक मारल्यासारखं वाटतं. आपल्याला मेरीमाता दिसली असं ती सांगते. हळूहळू ती आजाऱ्यांवर हात ठेवू लागते, काही बरे होतात. मग बाहेरून लोंढे येतात. पाणी बाटल्यांत भरून विकलं जातं, घरोघर खोल्या भाड्याने जातात, एल्साची जुनी मैत्रीण परत येऊन नाचगाण्याचा अड्डा काढते. मनिलाहून आलेला एक माणूस कॅमेरा घेऊन सगळं टिपत असतो. एल्सा आणि तिची सोबतीण यांच्यावर बलात्कार होतो तेव्हाही तो टिपतच राहतो. सोबतीण जीव देते. साथीत माणसं मरतात. एल्सा गरोदर आहे हे कळतं, तेव्हा लोक त्यालाही चमत्कार म्हणतात.

शेवटी एल्सा सगळ्यांना टेकडीवर बोलावते. या प्रसंगासाठी तीन हजारांच्या आसपास माणसं जमवली होती. माइकसमोर ती चिमुकली बाई उभी राहते आणि सांगते की चमत्कार झालाच नाही; चमत्कार असतो तो माणसाच्या मनात, देव आपणच घडवतो आणि शापही आपणच. गर्दीतून गोळी सुटते. चेंगराचेंगरी होते. एल्सा मरते, आणि तेच लोक गुडघ्यांवर बसून पुन्हा प्रार्थना सुरू करतात.

नोरा काय दर्जाची अभिनेत्री होती हे इथे दिसतं. दर्शनाच्या प्रसंगात ती जवळजवळ काहीच करत नाही. अंग थरथरवणं नाही, अश्रूंचा पूर नाही. चेहरा स्थिर, फक्त डोळे. ही मुलगी खोटं बोलते आहे की तिला खरंच काही दिसलं, हे सिनेमाभर ठरवता येत नाही, कारण नोरा ते ठरवू देत नाही. फिलिपिन्सच्या त्या काळच्या सिनेमात रडारड, थोबाडीत मारणं, किंचाळणं म्हणजे अभिनय असा समज होता. तिने आवाज खाली आणला आणि प्रेक्षकाला पुढे सरकून ऐकायला लावलं. 'हिमाला' 1983 साली बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. 2008 मध्ये सीएनएन वाहिनीने आशिया-पॅसिफिकमधला सर्वकालीन उत्तम सिनेमा कोणता याचा कौल प्रेक्षकांकडून घेतला, त्यातही तोच पहिला आला.

विल्मा सांतोसचं नाव घेतल्याशिवाय मात्र नोराबद्दल बोलणं पुरं होत नाही. विल्मा त्याच वर्षी जन्मलेली, बालकलाकार म्हणून आलेली, गोरीगोमटी. तिचे चाहते विल्मानियन. दोन्ही गटांचं वैर काही दशकं चाललं. सिनेमाच्या बाजाराला ते सोयीचंच होतं. 1978 साली बेर्नालने दोघींना 'इकाव आय आकिन' या सिनेमात एकत्र आणलं. एकाच पुरुषाच्या आयुष्यातल्या दोन बायका. त्याचा शेवट म्हणजे दोघी समोरासमोर बसून, एक शब्द न बोलता, एकमेकींकडे बराच वेळ बघत राहतात. ज्यांना आपली बाजू जिंकावी असं वाटत होतं, त्या चाहत्यांच्या हाती बेर्नालने ही शांतता दिली. विल्मा पुढे राजकारणात गेली, लिपाची महापौर आणि बातांगास प्रांताची गव्हर्नर झाली. नोराने 2001 मध्ये आपल्या कामारिनेस सूर प्रांतात गव्हर्नरपदाची निवडणूक लढवली आणि हरली. त्याआधी 1986 च्या निवडणुकीत ती मार्कोसच्या प्रचारात दिसली होती. त्या सरकारला कंटाळलेल्या अनेकांना ते झोंबलं. राजकारणात तिचा पाय कधी नीट पडला नाही.

आता त्या प्रवासाकडे येतो, ज्याबद्दल सुरुवातीला म्हटलं. 1974 साली मार्कोस सरकारने नवा कामगार कायदा केला आणि कामगार परदेशी पाठवण्याची पद्धतशीर यंत्रणा उभी राहिली. देशात नोकऱ्या नव्हत्या, परकीय चलन हवं होतं. आधी पुरुष गेले, जहाजांवर आणि आखातातल्या बांधकामांवर. मग बायका निघाल्या, नर्स आणि मोलकरणी म्हणून. नोराच्या भूमिका या वाटेने पावलापावलाने चालतात. 1978 च्या 'अत्साय'मध्ये ती खेड्यातून मनिलात येऊन घरकाम करणारी मुलगी आहे. 'मिन्साय'मधली नर्स निघते, पण पोचत नाही. 1984 च्या 'मेरिका'मधली नर्स अमेरिकेत न्यू जर्सीला पोचली आहे आणि तिथल्या एकटेपणात घरी परतण्याचा विचार करते आहे.

आणि मग 1995. फ्लोर कोंतेंप्लासियोन ही सिंगापूरमध्ये काम करणारी फिलिपिनो मोलकरीण. 1991 मध्ये दुसऱ्या एका फिलिपिनो मोलकरणीच्या आणि एका लहान मुलाच्या खुनाचा आरोप तिच्यावर ठेवला गेला. 17 मार्च 1995 रोजी तिला फाशी झाली. ती निर्दोष होती आणि आपल्या सरकारने तिच्यासाठी काही केलं नाही, असं फिलिपिन्समधल्या लाखो लोकांचं मत होतं. देश पेटला. दोन्ही देशांनी राजदूत परत बोलावले, परराष्ट्रमंत्र्यांना पद सोडावं लागलं, आणि त्याच वर्षी जूनमध्ये परदेशी काम करणाऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा झाला. हे सगळं ताजं असतानाच जोएल लामांगानने फ्लोरवर सिनेमा केला. फ्लोर कोण करणार हा प्रश्न कुणाला पडलाच नाही. कैरोच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्या वर्षी सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार आणि नोराला सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. तुरुंगात मुलं भेटायला येतात त्या प्रसंगात ती आई म्हणून शेवटचं काही सांगत असते, पण आवाज चढवत नाही.

इतक्या उंचीवरून ती घसरलीही तितकीच. 2000 नंतर ती अमेरिकेत राहायला गेली. 2005 साली लॉस एंजेलिस विमानतळावर अमली पदार्थ जवळ बाळगल्याबद्दल तिला अटक झाली. उपचार आणि सुधारणेचा कार्यक्रम पुरा केल्यावर तो खटला निकाली निघाला. 2010 मध्ये जपानमधल्या एका सौंदर्योपचारात काहीतरी बिघडलं आणि तिचा गाता आवाज गेला. ज्या आवाजाने इरीगाहून मनिलाला आणलं, तोच. 2011 मध्ये ती मायदेशी परतली तेव्हा पुष्कळांनी तिला मोडीत काढलं होतं.

परत आल्यावर तिने गाजावाजाचं काही केलं नाही. 2012 मध्ये ब्रिलान्ते मेंडोझाच्या 'दाय वूम'मध्ये ती शालेहा झाली. देशाच्या पार दक्षिणेला, तावी-तावी बेटांवर, समुद्रात खांबांवर उभ्या घरांत राहणाऱ्या मुस्लिम समाजातली ही सुईण. गावची पोरं तिच्या हातून जन्माला येतात, स्वतःला मात्र मूल नाही. नवऱ्याला बाप होता यावं म्हणून ती स्वतः होडीतून वणवण करत त्याच्यासाठी दुसरी बायको शोधते, मुलीच्या घरच्यांना द्यायच्या हुंड्याचे पैसे जमवते. सवतीचं बाळंतपणही शेवटी तीच करते, आणि त्या मुलाबरोबर तिचं या घरातलं स्थान संपणार आहे हे तिला ठाऊक असतं. संवाद फार थोडे. गाता आवाज गेलेल्या अभिनेत्रीने हा सिनेमा जवळजवळ फक्त डोळ्यांवर पेलला. आशिया पॅसिफिक स्क्रीन अवॉर्ड्स आणि पुढच्या वर्षी एशियन फिल्म अवॉर्ड्स, दोन्हीकडे ती सर्वोत्तम अभिनेत्री ठरली. वय साठीच्या उंबरठ्यावर.

मग तो गाजलेला वाद. फिलिपिन्समध्ये 'राष्ट्रीय कलावंत' हा कलेतला सर्वोच्च सन्मान आहे. 1972 पासून तो दिला जातो. मानधन, वैद्यकीय खर्च, आणि मृत्यूनंतर शासकीय अंत्यसंस्कार व त्या वीरांच्या दफनभूमीत जागा, असा त्याचा मान. निवड दोन सरकारी सांस्कृतिक संस्था मिळून करतात. तज्ज्ञांच्या चाळण्या लागतात, मग यादी राष्ट्राध्यक्षांकडे जाते आणि त्यांच्या घोषणेने ती पक्की होते. अडचण या शेवटच्या पायरीवर आहे. 2009 साली राष्ट्राध्यक्ष ग्लोरिया आरोयो यांनी यादीत नसलेली चार नावं स्वतः घुसवली. कलावंत न्यायालयात गेले आणि 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती चार नावं रद्द केली. म्हणजे राष्ट्राध्यक्षांना मनाने नाव वाढवता येत नाही, हे ठरलं. पण नाव गाळता येतं का?

2014 मध्ये नोराचं नाव सगळ्या चाळण्यांतून पार होऊन गेलं आणि राष्ट्राध्यक्षांनी तेच गाळलं. कारण दिलं जुन्या अमली पदार्थांच्या प्रकरणाचं. तरुणांसमोर चुकीचा आदर्श जाईल, असा एकूण सूर. हे राष्ट्राध्यक्ष होते बेनिग्नो आकिनो तिसरे, निनोय आकिनोंचे चिरंजीव. त्यांच्या सख्ख्या आत्याने, लुपिताने, लष्करी कायद्याच्या काळात नोराला घेऊन 'मिन्साय' काढला होता. देशभर रान उठलं. हा सन्मान चारित्र्याला आहे की कलेला, असं लेखक, चित्रकार, दिग्दर्शक विचारू लागले. माझं मत विचाराल तर त्यांचा प्रश्न रास्त होता. एखाद्याच्या पडझडीची शिक्षा त्याच्या उत्तम कामाला द्यायची, तर कलेच्या इतिहासात फार थोडे लोक उरतील. शिवाय त्यात एक जुना वास होता. वरच्या वर्गातल्यांच्या चुका खाजगी राहतात, स्टेशनवर पाणी विकून वर आलेल्या बाईच्या चुका मात्र सार्वजनिक होतात.

जून 2022 मध्ये अखेर तिला हा सन्मान मिळाला. त्या यादीत आठ जण होते आणि त्यांत 'हिमाला'चे पटकथाकार रिकी लीही होते. दफनभूमीतली जागा तिला मिळाली ती या सन्मानाच्या नियमाने. नियमावर बोट ठेवून तिला एकदा मागे सारलं गेलं होतं, हे मात्र तिच्या लोकांनी विसरू नये असं वाटतं. आणि ते विसरतील असं दिसत नाही.

तिच्या दीडशेहून जास्त सिनेमांपैकी कितीतरी आज कुठेच मिळत नाहीत. दमट हवेत फिल्म टिकत नाही, आणि जतन करण्याची व्यवस्था त्या देशात उशिरा आली. पण जे वाचले ते भरपूर आहेत. सुरुवात 'हिमाला'पासून करावी असं बहुतेक जण सांगतात. मी म्हणेन, आधी 'बोना' बघा. त्याला पार्श्वभूमी लागत नाही. वाडीवस्ती, नळावरची रांग, घरातली ओढाताण सगळं ओळखीचं आहे, भाषांतराच्या ओळी न वाचतासुद्धा कळेल. मग 'हिमाला', आणि त्याची 2012 मध्ये साफ केलेली प्रत मिळाली तर तीच घ्या, कारण जुन्या प्रतींमध्ये ग्रहणाचा प्रसंग निव्वळ काळा दिसतो. 'दाय वूम' शेवटी ठेवा. तोवर तो चेहरा तुमच्या ओळखीचा झालेला असेल, आणि तो सिनेमा त्या चेहऱ्याच्या ओळखीवरच चालतो.